उर्सुलाबाईच्या गळ्यात पडलेला ढावलो

मी, संगीता इंद्रजीत राठोड, वय सदुसष्ट, निवृत्त प्राथमिक शिक्षिका, राहणार वरचा तांडा, तालुका उमरखेड, जिल्हा यवतमाळ, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. मनात मत्सर आहे, पण त्याने मृत्युपत्र रद्द होत नाही, हे मी वकिलांना विचारून घेतले आहे.

१. कोरडवाहू शेत मुलगा बादल यास. तो वणीला कोळशाचा ट्रक चालवतो, पण पेरणीला न चुकता येतो. त्याच्याविषयी माझी तक्रार नाही.

२. लोकरीचा जर्मन कोट शेजारच्या कौसल्याबाईंना. आजवर तो कोंबड्यांच्या खुराड्यावर घातलेला असल्याने धुऊन घ्यावा. हा कोट मला उर्सुला ब्रांडेक हिने दिला. ही बाई मुलांचे चित्रपट काढते. तिची सगळी कारकीर्द मला तोंडपाठ आहे. जिच्यावर जळायचे तिची माहिती ठेवावीच लागते. आधी बाहुल्यांचे चित्रपट, मग टीव्ही, मग मोठे चित्रपट आणि कपाटभर बक्षिसे. स्वतःला मूलबाळ नाही. आणि तिच्या प्रत्येक चित्रपटात मुलांची आई सुरुवातीलाच मेलेली! आयांनी तिचे काय घोडे मारले होते, कोण जाणे.

तीस वर्षांपूर्वी ती आमच्या तांड्यावर आली, तेव्हाही तेच. माझ्या नऊ वर्षांच्या पुष्पाला तिने बिनआईची नायिका केले. चित्रपटाच्या शेवटी ही पोर परदेशी पाहुणीचा निरोप घेते. त्या पाहुणीचे काम उर्सुलाबाईने स्वतःच केले होते. पुष्पाला काही केल्या रडू येईना, तेव्हा नसता शहाणपणा मीच केला. आम्हा बंजाऱ्यांत मुलगी सासरी निघताना आईच्या, म्हणजे याडीच्या, गळ्यात पडून ढावलो गाते. ते रडणेही असते आणि गाणेही. जाणत्या बायका तो लग्नाआधी मुलींना शिकवतात. मी तो नऊ वर्षांच्या पोरीला शिकवला. ती उर्सुलाबाईच्या गळ्यात पडून अशी गायली की कॅमेरावालाही डोळे पुसू लागला.

“याडी, तू काहून रडून राह्यली?” पुष्पाने नंतर विचारले. “मी तं खोटंखोटंच रडली.”

३. पुढे पुष्पा त्याच बाईकडे जर्मनीला काम शिकायला गेली आणि तिची मदतनीस म्हणून तिकडेच राहिली. लग्नही तिकडेच, सह्या करून. मला फोटो आला. त्यात तिच्या शेजारी, माझ्या जागी, उर्सुलाबाई उभी. मी फोनवर ढावल्याचे विचारले तर म्हणाली, “तो तं मी लहानपणीच गायली ना, याडी.” गायली, पण कोणाच्या गळ्यात? आता उर्सुलाबाई थकली, चित्रपट बंद झाले, तर पुष्पा तिला हाताने भरवते. नागपूरच्या डॉक्टरांनी माझ्या हृदयाविषयी काय सांगितले, हे मात्र पुष्पाला माहीत नाही.

४. तांड्यावरचे घर, चांदीचे दागिने व बँकेतील ठेव मुलगी पुष्पा हिला. अट एकच. तिने यावे आणि माझ्या गळ्यात पडून ढावलो गावा. विसरली असल्यास मी पुन्हा शिकवीन.

हे वाचून बादल म्हणाला, “याडी, मृत्युपत्र मेल्यावर उघडतेत. मंग पुष्पा कोनाच्या गयात पडन?”

मुलाचे म्हणणे बरोबर आहे. सबब या मृत्युपत्राची एक प्रत आजच पुष्पाला पाठवावी. बाकीच्या कलमांची घाई नाही. पुष्पा, मी थांबून आहे.

सही: संगीता इंद्रजीत राठोड

आमच्यासमोर सही केली:
१. वामनराव गणपतराव ठाकरे, निवृत्त मुख्याध्यापक, उमरखेड
२. बिजलीबाई भावसिंग चव्हाण, वरचा तांडा (डाव्या हाताचा अंगठा)

ठिकाण: उमरखेड
दिनांक: १२ ऑगस्ट २०२५