वाटीभर चीज

मोताळा,
सोमवार, २२ फेब्रुवारी १९६५

चि. कुमुदले,

मोताळ्याहून आईचा पोटभर आशीर्वाद. बाळाच्या टाळूवरून हात फिरव अन् त्याले सांग, हा तुझ्या आजीचा. मी बरी आहे. तुम्ही तिघं कसे आहात ते कळव. 'तिघं' वाचून तुले नवल वाटन. तुझ्या लग्नाले पाच वर्षं झाली, पण मी आपली 'तू बरी असशील' एवढंच लिहीत आले, जशी काही तू नागपूरले एकटीच राहतेस. दाविदरावांचं नाव आज पहिल्यांदा लिहिते आहे. लिहिताना हात अडला नाही, उगाच घाबरत होते.

अन् ते 'मला-तुला' मले काही जमत नाही, हसू नको. चौथीपर्यंतच्या शाळेनं मले अक्षर दिलं, पण बोली काही घेतली नाही.

तुझं बारा तारखेचं पत्र मिळालं. दाविदरावांच्या आईनं तुले शेकशेगडी केली, डिंकाचे लाडू केले, बाळाले न्हाऊ घातलं. वाचून बरं वाटलं, अन् खरं सांगू, पोटात दुखलं बी. ते माझं काम होतं. पहिलं बाळंतपण माहेरचं असते.

परवा तुझा सवा महिना झाला. मी पंचांगावर बोट ठेवून मोजत होते. त्याच्यासाठीच थांबले होते, पण ते मागून लिहिते.

कपाशीची शेवटची वेचणी झाली. संत्रीही संपत आली. बाजारात आता बारकी बारकी, सुरकुतलेली येतात. फकीरभाई किराणावाले तुझी रोज चौकशी करतात. तुझं पोस्टातलं पत्र दुकानावरूनच माझ्याकडे येते, त्यामुळे त्यांना सगळं माहीत असते. बाळाच्या नावानं त्यांनी मले पसाभर खडीसाखर दिली. मी ती डब्यात ठेवली आहे.

तू विचारलं आहेस, 'बाबांना विचार, बाळाला घेऊन येऊ का?' त्याचंही लिहिते. आधी तुझ्या त्या चीजची गोष्ट सांगते. तव्हा मी तुले अर्धीच सांगितली होती, लाज वाटली म्हणून.

दिवाळीपासून तुझ्या बाबांच्या घशाखाली घास उतरत नव्हता. मलकापूरचे डॉक्टर म्हणाले, मऊ अन् ताकदीचं द्या. मी त्यांच्या नकळत तुले लिहिलं, कारण तू दवाखान्यात काम करतेस, तुले कळन. तुझ्या सासूबाई करतात ते तू लिहून पाठवलं. पिकली पपई साखर घालून शिजव, संत्र्याची साल किसून टाक, लिंबू पिळ, अन् त्यात वाटीभर ताजं चीज घालून घोट. पावाला लावून दे.

पपई कळली, साल कळली. पण वाटीभर चीज? आमच्या शाळेच्या पुस्तकात 'कष्टाचे चीज झाले' असं होतं, ते काही वाटीत मावणारं नव्हतं. मी समजले, पोरगी घाईत त्या चीजेचं नाव लिहायचंच विसरली. पत्र घेऊन फकीरभाईकडे गेले अन् म्हणाले, "भाई, कुमुदनं एक ताजी चीज टाकायले सांगितली." ते म्हणाले, "वहिनी, दुकानात सगळ्या चिजाच हायेत, कोनती देऊ?" मग त्यांनी चष्मा लावला, पत्र उलटसुलट वाचलं, दोन गिऱ्हाइकांना दाखवलं. एक म्हणे खवा, एक म्हणे लोणी. फकीरभाई म्हणाले, ताजं म्हणजे खोबरंच असन. तसं ओलं खोबरं आपल्या गावात कुठलं? सुकं आणलं, किसून टाकलं. तुझ्या बाबांना असा ठसका लागला की डोळ्यातून पाणी आलं. दिवसभर माझ्याशी बोलले नाहीत.

मग मी तुले कार्ड टाकलं, 'कोणती चीज ते लिहायचं राहिलं आहे.' तुझं उत्तर आलं, 'आई गं, चीज म्हणजेच चीज!' अन् खाली दोन पानं, दूध कसं फाडायचं त्याची.

ते वाचून मी गारच पडले. बाई, चाळीस वर्षं मी दुधाले जपत आले. लिंबू चिरलेली विळी कधी दुधाच्या भांड्याजवळ येऊ दिली नाही. तुझी आजी तर घरात आजारी माणूस असताना दूध फाटलं की चूल विझवून, सारवून, पुन्हा पेटवायची. अन् तू सांगतेस, उकळत्या दुधात आपल्या हातानं लिंबू पिळ! दोन दिवस मी ते पत्र घेऊन नुसती फिरत होते. तिसऱ्या दिवशी त्यांचा डोळा लागला तशी मागच्या पडवीत चूल पेटवली, चुलीले हात जोडले अन् पिळलं. हिरवट पाणी सुटलं, पांढऱ्या गाठी वर आल्या. शेजारच्या सिंधूताई भिंतीवरून पाहत होत्या. "काय करून राह्यल्या व तुमी!" म्हणून त्या ओरडणार, तेवढ्यात मी तोंडावर बोट ठेवलं. त्यांना खरं ते सांगितलं, कुमुदनं लिहून पाठवलं आहे म्हणून.

गाठी फडक्यात बांधून टांगल्या, पाटा-वरवंट्यावर मऊ वाटल्या, पपईत घोटल्या. साल किसताना आतलं पांढरं येऊ द्यायचं नाही, नाही तर कडू होते. हे तू लिहिलं नव्हतं, मीच शिकले. एसटीच्या कंडक्टरनं मलकापूरहून पाव आणून दिला. त्याच्या कडा काढल्या, मधल्या मऊ भागाले लावलं अन् पुढं केलं.

तुझ्या बाबांनी खाल्लं. चार घास. मग बोट फिरवून वाटी पुसली. महिनाभरात त्यांनी आवडीनं खाल्लेली ती पहिली चीज. मले भांड्यांच्या फळीआड जाऊन रडायले आलं.

बाहेर आले तर त्यांनी विचारलं, "हे चाटण कोनं शिकवलं?"

मी म्हणाले, "सिंधूताईनं."

कुमुद, ते इतकं सरळ तोंडातून निघालं की मलेच पटलं. तुझं नाव घेतलं असतं अन् त्यांनी वाटी सरकवून दिली असती तर? तू दुसऱ्या धर्मात लग्न केलंस त्या दिवशी ते म्हणाले होते, आजपासून तिचं नाव या घरात नको. मले ती जोखीम घ्यायची नव्हती. त्यांच्या पोटात चार घास जात होते, ते मले जाऊ द्यायचे होते.

आज इथंच थांबते. पुढचं लिहायले जरा दम घेते.

बुधवार, २४ फेब्रुवारी

सोमवारी हा कागद घडी करून ठेवला. काल दिवसभर हाती घेतला नाही. आता लिहिते. बाळ मांडीवर असन तर त्याले खाली निजव, अन् दाविदरावांना जवळ बसव.

तुझे बाबा गेले. एकोणीस जानेवारीले, मंगळवारी, सकाळी चहाच्या वेळेले. त्रास झाला नाही. चहा निवला म्हणून मी दुसरा करायले उठले, परत आले तो संपलं होतं.

तू आठ दिवसांची बाळंतीण होतीस. तुझे भगवानकाका म्हणाले, पोरीले तार करतो. मी नको म्हणाले. ओली बाळंतीण आहे, ऐकून अंगावरचं दूध आटन, सवा महिना जाऊ द्या. कोणी अडवलं नाही कुमुद, मीच अडवलं. पंचवीस तारखेच्या पत्रात मी 'बाबा पडून असतात' असं लिहिलं, तव्हा घरात त्यांचे दिवस चालू होते. पाहुण्यांनी घर भरलेलं होतं अन् मी माजघरात बसून तुले खोटं लिहीत होते. तेराव्याले सगळे गेले. आता घर एवढं मोठं वाटते की भांडं हातातून पडलं तर मीच दचकते. दिवसभरात बोलायचं म्हटलं तर गवळ्याशी, तेही 'आलास का' एवढंच. त्याले दूध कमी कर म्हणून सांगायचं आहे, सांगवत नाही. रोज शेरभर घालतो. एकटीले शेरभर दूध काय करायचं?

काल त्या दुधात मी लिंबू पिळून बसले. सवयीनं. सगळं केलं, साल किसली, पपई नव्हती म्हणून पेरू शिजवला, वाटी भरली, पावाच्या कडा काढल्या. अन् वाटी घेऊन त्यांच्या खाटेशी गेले. खाट तर तेराव्याच्या दिवशीच उचलली आहे. तशीच उभी राहिले.

सिंधूताई विरजण मागायले आल्या होत्या. त्यांनी मले तसं पाहिलं अन् दारातच बसल्या, रडायले लागल्या. म्हणाल्या, "वहिनी, माह्या जिवावर ओझं हाय. भाऊनं शपथ घातली होती. आता तेच नाहीत तं सांगते."

दत्तजयंतीचा प्रसाद द्यायले त्या आल्या होत्या. मी विहिरीवर होते. तुझ्या बाबांनी त्यांना बसवलं अन् म्हणाले, सिंधूबाई, तुमच्या चाटणावर मी जगून राह्यलो. मी सिंधूताईंच्या नावानं खोटं बोलले, पण ते त्यांनाच सांगायचं राहून गेलं होतं. त्या बिचाऱ्या भोळ्या. म्हणाल्या, मी कायचं चाटण करते भाऊ, ते तं तुमच्या कुमुदनं नागपूरहून लिहून पाठवलं.

सिंधूताई म्हणतात, त्यांनी उशाची चाटणाची वाटी हातात घेतली. वाटीकडे पाहत राहिले. मग म्हणाले,

"कुमुदच्या मायले सांगू नका. मले समजलं हे तिले कळलं, तं ती बनवनं बंद करन. भल्ली कडक बाई हाय. पाच वर्सं झाली, पोरीचं नाव काढत नाही घरात."

मी कडक, कुमुद. मी!

त्याच्यापुढं ते महिनाभर जगले. रोज मी वाटी पुढं केली की विचारायचे, सिंधूबाईनं सांगितलं तसंच केलं ना? मी म्हणायची, हो, तसंच. मग खायचे. एकदा म्हणाले, त्या बाईले देवानं सुखात ठेवावं. मी म्हणाले, हो. आम्ही दोघं एकाच खाटेशी बसून तुझ्याबद्दल बोलत होतो, अन् मले ठाऊक नव्हतं.

आता तुझ्या विचारण्याचं. 'बाबांना विचार, येऊ का' असं तू याआधी तीनदा लिहिलंस. माझ्या दिवाळीच्या कार्डात उत्तर होतं, 'बाबा नाही म्हणतात.' त्याच्या आधीच्या अक्षय्यतृतीयेलेही तेच. कुमुद, मी त्यांना एकदाही विचारलं नाही. लग्नाच्या दिवशी रागात ते एकदा बोलले, त्यानंतर पुन्हा कधी नाही. ते नाही म्हणतील या भीतीनं मीच आधी तुले नाही लिहून मोकळी व्हायची. अन् ते समजले, नाही म्हणणारी मीच आहे. दिवाळीत विचारलं असतं तर तू पोटुशी का होईना, येऊन त्यांच्यापाशी बसली असतीस. ते पोट त्यांनी पाहिलं असतं. हे माझ्यामुळे राहिलं, दुसऱ्या कोणामुळे नाही.

ये असं लिहायले मन धजत नाही. मी कोणत्या तोंडानं लिहू? पण तुझं उत्तर मले लागते, अन् बाळाले पाहायचं आहे, दाविदरावांना माझ्या हातचं जेवू घालायचं आहे. तू नाही म्हणालीस तर मी ते मुकाट्यानं घेईन. निदान ते 'नाही' तुझं स्वतःचं असन, कोणाच्या नावावर लिहिलेलं नाही.

पाच वर्षं तुझ्या बाबांनी न बोललेलं तुले लिहून पाठवणारी,

तुझी आई