निळ्या ताऱ्यावरून झालेलं भांडण

केज,
९ फेब्रुवारी २०२५

चि. आरोही,

जयभीम. आमी दोघं बरे हाओत. पप्पांचा खोकला कमी झालाय, पण बिडी काही सुटत न्हाई. शेजारच्या गीताबाईला नात झाली, तिनं तुझ्या वाटणीची जिलेबी माझ्याकडं दिली, ती मीच खाल्ली. तू कशी हाईस हे तुलाच विचारायला पाहिजे, पण तू फोन उचलत न्हाईस. मेसेज वाचतीस आणि गप बसतीस. म्हणून म्हणलं कागदावर लिहावं. कागद मधेच कट करता येत न्हाई.

तू मला जाताना संशयी म्हणलीस. म्हण बाई. इतकी वर्षं एसटीत कंडक्टर हाय मी. मिसरूड फुटलेलं पोरगं मांडीवर घेऊन बाया म्हणतात, अजून शाळेत घातलं न्हाई, तिकीट कशाला. साठीचा गडी आधार कार्डावर पंच्याहत्तरीचा होऊन फुकट बसतो. मी कार्ड बघत न्हाई, पायरी चढताना त्याचा गुडघा बघते. संशय घेतला न्हाई तर माझी नोकरी जाईल. तो काय डेपोत टोपीसारखा काढून ठेवता येतो का?

तर संक्रांतीला तू त्या अंगदला घेऊन आलीस. “आई, हा माझ्यासोबत पुण्याला संस्थेत हाय, आमी दोघं ताऱ्यांचे वर्ग लावतो.” एवढंच बोललीस, पण तू त्याच्या ताटाकडं ज्या नजरेनं बघत होतीस त्यावरून पुढचं मला कळलं. त्यानं आडनाव आणि गाव धर्मापुरी सांगितलं आणि माझे कान उभे राहिले. त्याच्या बापाला मी ओळखते. म्हणजे त्याच्या फोटोला. दर निवडणुकीला अंबाजोगाईच्या चौकात फ्लेक्सवर हात जोडून उभा असतो.

आपल्याकडं कुणी घरात आलं की पाण्याचा तांब्या हातात घ्यायच्या आधी आडनाव विचारतं. आडनावावरून न्हाई कळलं तर गाव, गावावरून न्हाई कळलं तर पाव्हणे. मग कुठं तांब्या. ह्यानं काहीच विचारलं न्हाई. गटागटा पाणी प्याला, भाकरी मागून घेतली, पप्पांना भीमजयंतीची वर्गणी कशी गोळा करता विचारलं. मी मनात म्हणलं, इतका मोकळा कावून हा? एकतर आपण किती मोठ्या मनाचे हे दाखवायला आलाय, न्हाईतर चार दिवसाची मजा हाय, घरी कुणाला पत्ता न्हाई. असली पोरं मी लई बघितली. मागच्या सीटवर बसतात आणि गाव जवळ आलं की पोरीपासून लांब जाऊन उभी राहतात.

जेवण झाल्यावर तुमी मला गच्चीवर नेलं. त्यानं मृग नक्षत्र दाखवलं. वरच्या अंगाचा तांबडा तारा, खालचा निळसर. म्हणला, “आई, आमी ताऱ्याचा उजेड फोडून पसरवतो. त्या पट्ट्यात काळ्या रेषा असतात. कुठल्या रेषा ठळक, कुठल्या फिक्या, त्यावरून तारा किती तापलेला हाय ते कळतं, आणि त्यावरून वर्ग.” मी म्हणलं, हात न लावता ताप कळतो व्हय? तर तुझ्याकडची जुनी सीडी खोक्यात बसवून त्यानं मला गल्लीतल्या दिव्याचा उजेड दाखवला, आणि गीताबाईच्या पिवळ्या बल्बचाही. दोन्हीचे पट्टे येगळे होते, ते मला दिसलं. तेवढं मान्य केलं मी.

मग म्हणला, नुसत्या रंगावर जायचं न्हाई. मधे धूळ असली तर लई तापलेला तारासुदिक तांबूस दिसतो. रेषा मात्र बदलत न्हाईत. आणि मग ती रांग सांगितली. आधी लोकांनी एकाच जातीच्या रेषा किती ठळक ते बघून ए, बी, सी अशी अक्षरं दिली. पुढं एका बाईनं ढिगानं तारे तपासले, बरीच अक्षरं काढून टाकली, राहिलेली तापमानानं लावली. ओ, बी, ए, एफ, जी, के, एम. “पहिली रांग चुकीच्या खुणेवर लावलेली होती, आई. खरं बघितलं तर निळे तारे सगळ्यात पुढं.”

तिथं माझं डोकं फिरलं. आधी जात, मग चुकीची रांग, आणि वरून निळा सगळ्यात पुढं! मला वाटलं, हे पोरगं गोडीगुलाबीनं मला हरभऱ्याच्या झाडावर चढवतंय. आपला झेंडा निळा, म्हणून निळ्याचं कौतुक. मी काय बोलले ते तुला पाठ असंल. “आमाला निळं दाखवून खूश करू नको बाबा. तुझ्या घरच्या भिंतीवर लाव की निळं.” त्याचं तोंड एवढंसं झालं. तू सकाळच्या पहिल्या गाडीनं त्याला घेऊन गेलीस आणि माझ्या हातचा चहासुदिक घेतला न्हाईस.

मी खात्री करून घेतली. रोहिणी मॅडम रोज माझ्या गाडीनं शाळेत जातात, सायन्स शिकवतात. त्यांना विचारलं, निळा तारा खरंच पहिला असतो का? त्या हसल्या. म्हणल्या, “शेगडीची निळी आच जास्त तापते का तांबडी? तसंच हाय ते. ओ वर्ग निळा, सगळ्यात उष्ण. शंभर वर्षं झाली ही रांग लावून.” म्हणजे पोरगं धडा सांगत होतं आणि मी त्याला शब्दानं थोबाडीत दिली. माझी चूक झाली. त्याला तसं सांग. न्हाई, नको, मीच सांगीन.

पण ताऱ्याचं खरं बोलला म्हणजे घरचं खरं बोलत असंल, असं कुठं हाय? हे डोक्यातून जाईना. आणि इथून पुढचं तुला सांगायचं का न्हाई, ह्याच्यात माझा आठवडा गेला. पप्पांनाही सांगितलेलं न्हाई.

मागच्या सुट्टीला मी धर्मापुरीला गेलते. अंबाजोगाईपर्यंत आपली गाडी, पुढं जीप. युनिफॉर्म नव्हता, भारीतली हिरवी साडी नेसलेली. देवळाला आलेय असं दाखवलं. घर शोधायला लागलं न्हाई, गावात सगळ्यात उंच तेच. त्याची आई दारातच बसून तूर पाखडत होती. मुक्ताबाई नाव. मी म्हणलं, लांबून आले, घोटभर पाणी द्या. तिनं मान वर केली आणि विचारलं, “कुणापैकी तुमी?”

आरोही, मी जाधव सांगितलं.

कसं आलं तोंडातून मला माहीत न्हाई. मी तयार होऊन गेलते, काय काय बोलायचं ते जीपमधे घोकलं होतं. तिनं विचारलं आणि मी पुन्हा लहानपणीची, आडापासून लांब, कुणी वरून पाणी वाढंल म्हणून घागर घेऊन उभी असलेली पोरगी झाले. जाधव ऐकून ती उठली, आत नेलं, पाणी दिलं, चहा टाकला. केजची म्हणल्यावर जवळ सरकून बसली. म्हणली, “बरं झालं भेटलात. दिवाळीत आमच्या पोरानं बापाच्या तोंडावर सांगितलं, केजच्या ओव्हाळाची पोरगी करणार म्हणून. नाव, गाव, सगळं सांगितलं, काही लपवलं न्हाई. आपल्यातल्या पोरी मेल्या व्हत्या का? तवापासून बाप त्याला दारात उभा करंना. पोराचा फोन आला की मी गोठ्यात जाऊन बोलते.” डोळे पुसले तिनं. मग म्हणली, “तिची आई एसटीत कंडक्टर हाय म्हणं. तिनंच पोरीला पुढं केलं असंल, आमची जमीन बघून. बाया लई पोचलेल्या असतात. तुमी वळखता का तिला?”

मी न्हाई म्हणलं.

माझ्या हातात तिच्या घरची कपबशी होती. मी म्हणू शकले असते, बाई, मला तुमची जमीन नको, मला माझी पोरगी जिवंत आणि हसती पाहिजे. म्हणू शकले असते की मी पण तुमच्या पोरावर असाच डाव असल्याचा संशय घेतला. पण जाधवीण बाई हे कसं म्हणणार? चहा संपवला आणि “येते” म्हणून उठले. जीपमधे लई रडले. शेजारची बाई विचारत होती, कुणी गेलं का.

त्या पोरानं बापासमोर उभं राहून तुझं आडनाव सांगितलं. मी तुला लहानपणापासून शिकवलं की कुणी विचारलं तर मान खाली घालायची न्हाई, आणि मी स्वतःच घातली. मी त्याच्यावर संशय घेत होते, आणि खोटं मी बोलले.

मुक्ताबाईवर माझा राग न्हाई. तिच्या बोलण्यात मला माझाच आवाज ऐकू आला. त्याच्या बापावरचा संशय मात्र गेलेला न्हाई आणि जाणार न्हाई. मला भ्या वाटतं, लई भ्या वाटतं. तुमी दोघांनी इकडं येताना आधी फोन करायचा, एकट्यानं धर्मापुरीच्या रस्त्याला जायचं न्हाई. ह्यात माझं ऐक.

गुरुवारी मला सुट्टी हाय. मी पुन्हा जाणार, ह्या वेळी पप्पांना सांगून. पाणी मागायच्या आधी दारात उभी राहून नाव सांगणार. तिनं आत घेतलं तर बसून बोलीन, न्हाई घेतलं तर उभ्यानं बोलीन, पण ती ज्या कंडक्टरणीची चौकशी करत होती तिची भेट तिला घडवीन. तू मला अडवायला फोन केलास तरी चालंल. निदान आवाज तरी ऐकीन.

तुझी आई,
वनमाला भारत ओव्हाळ