ऐनवेळचा विषय

१५ ऑगस्ट

झेंडा झाला, जिलेबी झाली, ग्रामसभा झाली — म्हणजे कागदावर झाली! माणसं आली एकतीस. कोरमला शंभर लागतात. गावातली मोठी मंडळी जिलेबीचा पुडा हातात पडताच पसार. बसून राहिले ते बहुतेक मेंढपाळ वस्तीवरचे. पावसाळ्यात मेंढरं घरी, म्हणून माणसंही घरी. त्यांतली म्हातारी कडूबाई सतरंजीवर पुढंच बसलेली. अंगठा देताना म्हणाली, "काय लिवलंय ह्याच्यात, बाई?"

"काही नाही मावशी, हजेरी. तुम्ही आलात, एवढंच."

नियमानं सभा तहकूब करून पुढची तारीख द्यायला हवी. एकोणतीस वर्षं ग्रामसेविका आहे, एकदाही दिलेली नाही. पुन्हा नोटीस, पुन्हा दवंडी, पुन्हा सतरंज्या — कोण करणार? सगळे करतात तेच केलं. रामकिसन शिपायाला घेऊन हजेरीची वही घरोघर फिरवली. चारला कोरम पूर्ण! साडेपाचला शहरात, छावणीतल्या घरी. श्रेयानं पोहे केले होते. मीठ विसरली होती लेक, पण केले होते.

१८ ऑगस्ट

आमचे सरपंच नानासाहेब ऑफिसात येऊन बसले. शहराच्या कचऱ्यावर प्रक्रिया करायचा प्रकल्प आमच्या गायरानात यायचाय. अठरा एकर, पाझर तलावाच्या अगदी वरच्या अंगाला. त्याला ग्रामसभेचा ठराव हवा. पत्र सभेच्या दहा दिवस आधीच आलं होतं. तेव्हा हेच म्हणाले होते, नोटिशीत घालू नका, उगं गलका व्हईल. आणि मीही घातलं नाही.

आज म्हणतात, "मॅडम, पंधरा ऑगस्टच्या सभेतच बसवा की. ऐनवेळचे विषय म्हणून."

प्रोसिडिंगच्या वहीत मी शेवटी एक पान कोरं सोडतेच. लिहिलं — ठराव क्रमांक नऊ, सर्वानुमते मंजूर. अक्षर छान आलं.

२ सप्टेंबर

घंटागाडी आली. ओला कचरा वेगळा, सुका वेगळा — श्रेयाची शिस्त! "आई, हा पुढं जातो कुठं गं?" म्हटलं, जातो कुठंतरी.

१२ नोव्हेंबर

गायरानात मोजणीचे दगड रोवलेत. दुपारी कडूबाई आली. चपला बाहेर काढल्या, नको म्हटलं तरी खालीच बसली.

"तळ्याच्या वर दगूड रोवल्यात, बाई. कचरा येनार म्हंत्यात. घाण पान्यात उतरल, मग मेंढरं कुठं पाजावी? लोकं तुमचं नाव घेत्यात. मी म्हणलं, आमची बाई तसली नाय. बाईनं हजेरी म्हणलं म्हंजी हजेरीच."

चहा पाजला तिला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

१४ नोव्हेंबर

नानासाहेबांना विचारलं, ठराव मागं घेता येईल का? हसले. "शहर काय कचरा उशाला घिऊन झोपनारंय का मॅडम? कुठंतरी जानारच. आपल्याकडं आला तर पोरांना कामं, गावाला पक्का रस्ता. तुमची नोकरी राहिली किती? चार वर्षं. लई इचार करू नका."

माणूस वाईट नाही. दोन वर्षं खेटे घालून शाळेच्या खोल्या बांधून घेतल्या त्यांनीच. नुसता लबाड असता तर मला सोपं गेलं असतं.

३ डिसेंबर

जनसुनावणी. तलाव गावात, सुनावणी वीस किलोमीटरवर शहरात, क्रांती चौकाजवळच्या हॉलमध्ये! पडद्यावर हिरवीगार झाडं दाखवली. सुनावणी घेणारे साहेब म्हणाले, "ग्रामसभेची सर्वानुमते मंजुरी आहे. शंभराच्या वर सह्या आहेत."

कडूबाईचा मुलगा अजिनाथ उठला. गोदाकाठाला मेंढरं दुसऱ्यांच्या हवाली करून खास आला होता. "आमी झेंड्याला आलतो साहेब! ह्ये इचारलं कुनी आमाला?"

"मग सह्या, अंगठे कुणाचे?"

तेव्हा कडूबाई उभी राहिली. "आंगठा माझाच हाय. पर आमच्या बाई हितंच बसल्यात. त्यास्नीच इचारा. खोटं बोलायच्या नायत त्या."

सगळा हॉल माझ्याकडं वळला. आणि मी काय म्हणावं? "रेकॉर्ड बघून सांगते." रेकॉर्ड! माझ्याच सुंदर अक्षरातलं! कडूबाई समाधानानं खाली बसली, तिला वाटलं आता निकाल लागला. लाज वाटली. एवढी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती. रिक्षात बसले ती घर मागं टाकून पुढं गेले, रिक्षावाल्यानंच विचारलं, "मॅडम, किधर उतरना है?"

५ डिसेंबर

पंचायत समितीत लेखी दिलं. सभेला माणसं एकतीस. बाकी सह्या नंतर घेतल्या. विषय सभेपुढं आलाच नाही. ठराव तीन दिवसांनी मी लिहिला. खाली सही, तारीख.

नानासाहेबांचा फोन — "ह्येला म्हंत्यात हात दाखवून अवलक्षण, मॅडम!" श्रेयानं अर्जाची प्रत वाचली. मग पोहे करायला उठली. मीठ आज बरोबर.

२२ डिसेंबर

निलंबनाचं पत्र आलं. त्याच दिवशी कळलं, ठराव रद्द! ग्रामसभा पुन्हा घेणार, रीतसर. एक गेलं, एक राहिलं. राहिलं ते मोठं आहे, असं स्वतःला सांगतेय. खरंच हलकं वाटतंय.

२० जानेवारी

सभा ६ फेब्रुवारीला. तारीख ऐकली आणि वस्ती आठवली. दिवाळीनंतर वस्तीवरचे गडी, बायका, सगळे मेंढरं घेऊन गोदाकाठी जातात. पाऊस लागेपर्यंत परत येत नाहीत. वस्तीवर राहतात ती म्हातारीकोतारी.

माझ्या जागी आलेल्या ग्रामसेवकाला फोन केला. सोमनाथ नाव. म्हटलं, सभा पावसाळ्यात घ्या. अदबीनं म्हणाला, "मॅडम, तसं कसं लांबवता येईल? आता सगळं नियमानंच करायचंय ना?" आणि हे ऐकणारी कोण? मी!

अजिनाथलाही लावला. "येतो की, बाई. पर समदेच आलो तर मेंढरं कुनाच्या हवाली करावी?"

६ फेब्रुवारी

आत जायचा हक्क नाही. शाळेच्या भिंतीबाहेर उभी राहिले, खिडकीतून बघत.

दोनशे चाळीस माणसं! या गावात एवढी सभा मी कधी भरवली नाही. सोमनाथनं विषय मोठ्यानं वाचला, दोनदा. नानासाहेबांनी रस्ता सांगितला, कामं सांगितली. अजिनाथनं पाणी सांगितलं. त्याच्याबरोबर वस्तीवरचे पाचच गडी पोचले होते. मग हात वर. सोमनाथनं एकेक हात बोट लावून मोजला. कुणी कुणाला फसवलं नाही.

मंजूर. एकशे नव्वद हात बाजूनं.

कडूबाई बाहेर आली. मला वाटलं, बघणारही नाही. माझा हात हातात घेतला. "बैल गेला आन् झोपा केला, बाई," म्हणाली. रागानं नाही. मग म्हणाली, "पर खरं बोललात. घरला जावा, ऊन लई झालंय." आणि वस्तीच्या वाटेला लागली.

मला रडूही आलं नाही तिथं. घरी येऊन आलं.

७ फेब्रुवारी

चौकशीसाठी दिलेल्या कागदांत हजेरीच्या त्या पानाची प्रत आहे. आज पुन्हा काढली. पंधरा ऑगस्टला खरोखर बसलेली एकतीस नावं. त्यांतली चोवीस वस्तीवरची.

कोरमअभावी तहकूब झालेल्या सभेला पुन्हा कोरम लागत नाही. येतील तेवढ्यांचं मत, तेच गावाचं मत. एकोणतीस वर्षं हा नियम मला पाठ आहे.

प्रकल्पाचं पत्र नोटिशीत घातलं असतं आणि आठ दिवसांनी सभा पुन्हा बोलावली असती, तर कडूबाई आली असती. ते चोवीस आले असते. मेंढरं घरीच होती.

मला दवंडीचा कंटाळा आला होता. एवढंच.