कालव्यापलीकडे जायला कागद

१९ फेब्रुवारी, मंगळवार

पासपोर्टचा अर्ज परत आला. आणि आपा, माझी आई, पडली. दोन्ही एकाच दिवशी!

सकाळी कचेरीतल्या खिडकीतून फाइल बाहेर सरकली – "कागद अपुरे आहेत." घरी येऊन मशीनवर बसले तर पलीकडून, मला एजे, ताई म्हणणाऱ्या धाकट्या भावाचा, ताशपोलोतचा फोन. "एजे, आपा अंगणात पडली. उजवी बाजू गेलीय. बोलते, पण कळत नाही." मी म्हटलं, येते. तो मग म्हणाला, "कशी येशील?"

कशी येशील! छपरावर चढलं की माझ्या माहेरच्या, बेश-चिनारच्या झाडांचे शेंडे दिसतात. सरळ चालत निघाले तर केलेला चहा गार व्हायच्या आत आईपाशी पोचेन. मध्ये कालवा, कालव्यावर काटेरी तार, तारेमागे त्यांचे शिपाई.

लग्न होऊन इकडे आले तेव्हा यातलं काही नव्हतं. एकच देश होता. मोटारीत बसले, डोक्यावर पांढरी ओढणी, आपा रडली, मी रडले – आणि झालं, आले! कागद कोणी विचारला? मग देश फुटला, मग तार आली. माझ्याकडे अजून तो जुना लाल पासपोर्ट. ज्या देशाचा, तो देशच नाही.

२० फेब्रुवारी

आपा काही खात नाही म्हणे. मीही नाही खाल्लं. कुणासाठी शिजवायचं?

२६ फेब्रुवारी

पुन्हा खिडकी. पोरीच्या वयाची बाई, नखं रंगवलेली. माझे कागद पत्त्यांसारखे मांडले तिने. लाल पासपोर्टात मी आनारखान. इथल्या दवाखान्याच्या चिठ्ठीत आनारकान. पलीकडच्या शाळेच्या दाखल्यात ओनोरखोन.

"या तर तीन बायका आहेत. तुम्ही कोणती?"

"तिन्ही मीच की, बाई! तिकडचे लोक तसं म्हणतात, इकडचे असं."

"मग कोर्टातून तसं लिहून आणा. जन्माचा दाखला आणा. लग्नाचा आणा."

लग्नाचा कुठून आणू? तोक्तोसुनशी निकाह झाला, मुल्लाने दुवा म्हटली, गावाने घोडा कापून खाल्ला. सरकारात कोणी नोंदवलं नाही. आता तोक्तोसुन थडग्यात. त्याला काय साक्षीला बोलवू?

"नाहीतर त्या काळापासून ओळखणाऱ्या शेजाऱ्यांची साक्ष आणा," ती म्हणाली. मग जरा हळू – "एजे, चिडू नका. माझ्या हातात असतं तर आजच दिला असता."

मला तिच्यावर चिडायचंच होतं. तेवढंही करू दिलं नाही तिने.

३ मार्च, रविवार

माझं लग्न पाहिलेलं गल्लीत कोण उरलंय? म्हातारे गेले, बाकीचे रशियात. एक झूराकान एजे! आणि तिच्याशी माझी बोलचाल बंद. पाटाच्या पाण्यावरून. ती म्हणते मी तिच्या पाळीत फळी उचलते. मी म्हणते ती उचलते.

गेले. काय करणार! दारात उभी राहिले, नान फडक्यात बांधून. तिने नान घेतलं नाही. आत ये म्हणाली नाही.

"साक्ष हवी तुला. आणि माझे टोमॅटो वाळले तेव्हा?"

"एजे, माझी आई पडलीय."

तिने मग चपला घातल्या, डोक्याचा रुमाल घट्ट बांधला. "चल. कचेरी उघडी नसेल, पण त्या साक्षी लिहिणाऱ्या कारकुनाला घरातून उठवू."

आणि तिथे काय बोलली! "ही बया केलिन, नवी सून, होऊन आली तेव्हापासून माझ्या छातीवर बसलीय. माझं पाणी चोरते! हिला इथली नाही म्हणणारा कोण आहे, आण त्याला पुढे!" लिहिणारा हसून हसून लाल. पाण्याचं मात्र लिहिलं नाही त्याने.

परतताना म्हणाली, "साक्ष दिली म्हणून भांडण मिटलं असं समजू नको." पण नान घेतलं.

१७ मार्च

जन्माचा दाखला आला! ताशपोलोतने काढला, आणि मयताला तिकडे जाऊन आलेल्या एका बाईबरोबर धाडला. तिने रुमालाखाली केसांत खोचून आणला – सीमेच्या फाटकावर कागद दिसला की शंभर प्रश्न. उघडला तर तेलाचा वास. ओनोरखोन, आईचं नाव खाली. आपाचं नाव बघून जे रडू आलं ते आलं.

२१ मार्च, नौरुझ

गल्लीत सगळ्या बायका सुमोलोकच्या, गव्हाच्या कोंबांच्या खिरीच्या, कढईभोवती. मलाही ढवळायला बोलावलं, ढवळताना मनात मागणं मागायचं असतं. झूराकान एजे कानाशी येऊन म्हणाली, "मोठ्याने माग, देवाला कचेऱ्यांची सवय नाही."

२८ मार्च

राजधानीतल्या त्यांच्या वकिलातीचं उत्तर आलं. मागच्या शरदात अर्ज दिला होता, मी तर आशाच सोडली होती. लिहिलंय – सदर स्त्री आमची नागरिक नाही.

जिथे जन्मले त्यांनी शिक्का मारून लिहून दिलं, ही आमची नाही. आणि मी तो कागद छातीशी धरून खोलीत नाचले – त्याच्याशिवाय इकडचा पासपोर्ट मिळत नाही! मग आरशात दिसले. खाली बसले.

कोर्टाची तारीख अजून नाही. ताशपोलोत म्हणतो, आपा एक शब्द सारखा म्हणते. "तुझं नाव असेल," म्हणतो. "असेल" म्हणतो!

१४ एप्रिल, रविवार

आज आपाला पाहिलं.

ताशपोलोतने फोनवर एवढंच सांगितलं – "दुपारी जुन्या गिरणीपाशी कपडे धुवायला जा." तो फोनवर मोकळं बोलत नाही, तिकडे भिंतींना कान. गेले. जर्दाळूला बहर आलाय, वारा सुटलेला, पाकळ्या सगळ्या पाण्यात. पलीकडे गाढवगाडी आली. गाडीत रजया. रजयांत आपा.

केवढीशी झालीय! मी ओरडले – "आपा! आपा, मी आनारकान!" कालव्याचा आवाज केवढा. तिने मान वळवली नाही. मी रुमाल काढून हलवला, उड्या मारल्या, या वयात! ताशपोलोत गाडीत चढला, तिला मागून धरून बसवलं. मग हात वर आला. हलला.

तिने हलवला की त्याने तिचा हात धरून हलवला, हे मला दिसलं नाही. तेवढंच दिसलं नाही.

शिपाई आला, काठीने गाढवाला हाणलं. गाडी गेली. मी कपडे नेलेच नव्हते धुवायला. रिकामी बादली घेऊन परत आले.

१५ एप्रिल

तिने हलवला. मी ठरवलंय.

५ मे

कोर्ट पुन्हा पुढे ढकललं. न्यायाधीश आजारी. त्याला आजारी पडता येतं!

आता नाही सहन होत. कालव्यातून दोर धरून लोक चोरून जातात, मीही जाईन.

६ मे

पहाटे गेले. खालच्या वळणावर, बोरूच्या आड, तार कापलेली आहे तिथे. दोरवाला ओळखीचाच निघाला, बाजारात कलिंगडं विकायचा. बूट काढून गळ्यात बांधले, पातेलं-कपडे काही नाही, फक्त आपासाठी कुरुतची, वाळल्या दह्याच्या गोळ्यांची, पुडी. पाण्यात पाय टाकला आणि हाडापर्यंत कळ गेली. डोंगरातला बर्फ वितळतोय.

"काकू, पाणी चढलंय," तो म्हणाला. "दोर धरवेल ना? काल एक गडी सुटला हातून."

"मग?"

"मग काय. खाली कुठेतरी मिळेल."

गुडघ्यापर्यंत गेले. कमरेपर्यंत गेले. दोर हातात होता! समोरच्या काठावरचं गवत मोजता आलं असतं. आणि हात सुटेचना दोरावरून – पुढेही नाही, मागेही नाही. त्यानेच मागे ओढून काढलं. म्हणाला, "जा घरी. मेलीस तर तिकडे कोण सांगायला जाईल? त्यालाही कागद लागतो."

घरी येऊन चुलीपाशी बसले. कुडकुड थांबेना. भित्री! आई तिकडे मरतेय आणि मला थंडी वाजते.

झूराकान एजेने ओले कपडे पाहिले. मेंढीच्या चरबीचा गरम चहा करून आणला आणि मी संपवेपर्यंत उभी राहिली.

२१ मे

कोर्टाने ठरवलं. आनारखान, आनारकान, ओनोरखोन – एकच बाई. न्यायाधीशाने विचारलं, "मग पासपोर्टावर कोणतं नाव घालायचं?" मी तोंड उघडायच्या आत झूराकान एजे मागून ओरडली, "आनारकान! आम्ही तेच हाक मारून भांडतो."

२४ मे

फोटो. फोटोवाला म्हणाला, "डोळे सुजलेत, उद्या या." म्हटलं, उद्याही असेच असतील. काढ!

४ जून

काही नाही. ताशपोलोत फोन उचलत नाही.

५ जून

उचलला. आहे अजून. गिळायला त्रास होतो. "लवकर कर, एजे." जणू मी बसून सूर्यफुलाच्या बिया सोलतेय.

१८ जून, मंगळवार

मिळाला!!

नखं रंगवलेली ती पोर खिडकीतून बाहेर आली, हातात दिला. निळा, कोरा, डिंकाचा वास. "अभिनंदन, एजे. आता तुम्ही आहात." मी तिच्या गालाची पापी घेतली, तिच्या पावडरीचा वास अजून ओठांना येतोय. झूराकान एजेला दाखवला. तिने हात पुसून घेतला, उलटासुलटा केला. "फोटोत अगदी चोर दिसतेस. पाणीचोर." आणि रडायला लागली बाई!

उद्याच जाते.

१९ जून

मागे फिरवलं.

आमच्या बाजूच्याने शिक्का मारला, जा म्हणाला. पूल ओलांडला. त्यांच्या फाटकावर पोरगेला शिपाई. पासपोर्ट नीट बघितला. "ठीक आहे. कारण?"

"आई आजारी आहे."

"आजारपण कारण नाही. लग्न किंवा मरण. इकडून तार यायला हवी, शिक्क्याची."

मला वाटलं ऐकण्यात चूक झाली. "बाळा, ती जिवंत आहे म्हणूनच जायचंय."

"मग कारण नाही."

पाया पडले त्याच्या. खरंच पडले, बूट धरले. तो मागे सरकला, इकडेतिकडे बघत म्हणाला, "काकू, उठा हो, साहेब बघतोय. मी काय करू?"

एवढे कागद! एवढे शिक्के! कोणी एकाने आधी सांगायचं होतं. सगळ्यांना वाटलं मला माहीत असेल. सगळ्यांना माहीत होतं, मलाही होतं – मयताला माणसं जातात हे काय मी पाहिलं नाही? मला वाटायचं, आपल्याकडे कागद नाही म्हणून आपण अडलो. कागद असलेलेही अडतात हे डोक्यातच आलं नाही.

ताशपोलोतला फोन करून सांगितलं. लग्न किंवा मरण. त्याने फोन ठेवून दिला.

२३ जून

झूराकान एजे म्हणते, "ताशपोलोतची पोरं शाळेत जातात, त्यांची लग्नं व्हायची नाहीत. तुझ्या आपालाच एखादा नवरा बघ!" दोघी हसलो. हसता हसता मी उशीत तोंड खुपसून ओरडले. ती पाठीवरून हात फिरवत राहिली. आज पाण्याची पाळी माझी होती. फळी कोणी उचलली, बघितलंही नाही.

२९ जून, शनिवार

तार आली.

आपा गेली.

पाठोपाठ ताशपोलोतचा फोन – "एजे, ये. आपा गेली." हुंदक्यात पुढचं कळलंच नाही. गल्लीतल्या बायका जमल्या. झूराकान एजेने काळा रुमाल बांधला मला, तिचा स्वतःचा, नवऱ्याच्या वेळचा. मला काहीच वाटत नाही. कोणीतरी पाणी पाजलं. आता मला कारण मिळालं. आता जा म्हणतील.

त्याच दिवशी दोर धरून पुढे जायला हवं होतं. बुडाले असते तर बुडाले असते!

३० जून

फाटकावरच्या बाकावर बसलेय. पासपोर्ट आणि तार आत नेलीय. तोच शिपाई. मी कोशोक म्हणतेय – आईसाठीचा विलाप, आपाने आजीसाठी म्हटलेला – थांबवता येत नाही, रांगेतल्या बायकाही रडताहेत. त्याने खाली बघत पाण्याचा ग्लास दिला. "जा, काकू. पाच दिवस." शिक्का मारला.

१ जुलै. बेश-चिनार

आपा जिवंत आहे!

काल संध्याकाळी गल्लीच्या तोंडापासून रडत आले. मयताघरी असतात तसे दारात पुरुष नाहीत, अंगणात चूल नाही, कोणी नाही. आत गेले तर ती उशांना टेकून बसलेली, तोंड एका बाजूला ओढलेलं. जड जिभेने, पण आता कळेल असं म्हणाली, "हळू रड. शेजारी ऐकतील."

तिचाच बेत. ताशपोलोतला तिनेच धाडलं तार करायला. मला सांगू दिलं नाही – "तिला खोटं रडता येत नाही, फाटकावर पकडतील." ताशपोलोतला दोन थोबाडीत दिल्या. मग त्याच्याच गळ्यात पडले.

सरकारच्या वहीत आपा आता मेलेली. नाव खोडलं, तिचा पासपोर्ट जमा केला. मी म्हटलं, आपा, हे काय करून बसलीस?

"मला आता कुठे जायचंय?" डाव्या हाताने तिने माझा काळा रुमाल सोडवला. एकटीने. कोणी तिचा हात धरला नव्हता.