बर्फाच्या दोन लाद्या

९ नोव्हेंबर, रविवार

अभिषेकनं बाबांना टीव्हीवर विकलं!

आज ‘तेराव्याचे लाडू’ संपल्यावर पुढच्या रविवारची झलक दाखवली. मांडवात सनई, घरात म्हातारा मरून पडलेला, आणि पोरं कूलरमध्ये बर्फ भरताहेत. भिंतीवर लग्नपत्रिका — मुहूर्त ११.४२. आमच्या बहिणीच्या, गौरीच्या लग्नाचा मुहूर्त! गाढवानं मिनिटसुद्धा बदललं नाही.

आई हसली. ‘पुढचा भाग चांगला दिसतो गं,’ म्हणाली. लेकानं लिहिलेली मालिका, त्यामुळे ती विनोद व्हायच्या आधीच हसते.

मला काहीच वाटलं नाही. पोळ्या केल्या. जेवले. ओटा पुसला.

१० नोव्हेंबर

एकदा लिहून टाकते. कोण वाचणार आहे!

साडेतीन वर्षांपूर्वीचा मे महिना. गौरीच्या लग्नाच्या दिवशी सकाळी सातला मी कार्यालयात रुखवत मांडत होते, तेव्हा गंगीचा फोन आला. बाबा अर्धांगवायूनं दोन वर्षं अंथरुणावर. त्यांचं करायला गंगी होती, तांड्यावरून यायची. म्हणाली, ‘ताई, साहेब उठूनच नाही राह्यले.’

सुतक लागलं की लग्न थांबलं. आधीच दोनदा पुढे गेलेलं — एकदा कोरोनामुळे, एकदा मुलाची आजी गेली म्हणून. तिसऱ्यांदा मुलाकडचे पुसदवाले थांबले नसते. गौरी तेहेतीस वर्षांची.

मी म्हटलं, ‘दार लोटून घे. कोणाला बोलू नको.’ फोन ठेवला आणि चिवड्याच्या बरण्या ओळीत लावल्या.

अभिषेकनं लोहाऱ्याच्या कारखान्यातून बर्फाच्या चार लाद्या आणल्या. दोन मठ्ठ्याला, दोन घरी. बाहेर शेहेचाळीस डिग्री ऊन. जेवणं झाल्यावर नवऱ्या मुलाचे मामा हटून बसले — व्याह्यांच्या पाया पडल्याशिवाय परत जाणार नाही. अभिषेक घेऊन गेला. करतो काय! मामा पाया पडले, उशाशी नारळ ठेवला आणि म्हणाले, ‘पाय फार गार लागून राहिले हो. कूलर जरा कमी करा.’

वरात निघाल्यावर आईला सांगितलं, बाबा गेले, आत्ताच. तिनं एकही प्रश्न विचारला नाही. आत जाऊन त्यांच्याजवळ बसली.

आणि रविवारी हे सगळं ती चहा पीत बघणार.

११ नोव्हेंबर

अभिषेकला फोन केला. म्हणतो, ‘ताई, नावं बदलली ना. यवतमाळचं अकोला केलं.’ म्हणतो, आतापर्यंतचा सगळ्यात टेन्शनवाला भाग हाच झाला, मामा पायांकडे हात नेतात तेव्हा एडिटिंगच्या खोलीत कोणी श्वास घेईना. मी विचारलं, आईचं काय? तर म्हणाला, ‘तिला कळू दे ना एकदाचं. मला झेपून नाही राहिलं आता.’

त्याला झेपत नाही म्हणून आईनं झेलायचं.

आई धर्माकर्माची बाई. चतुर्थी चुकवत नाही. नवरा घरात मरून पडलेला आणि आम्ही तिला दिवसभर मांडवात सवाष्ण म्हणून फिरू दिलं. हे ती आम्हाला माफ करायची नाही. मी तरी केलं नसतं.

त्या दिवशी तर तिनं कहर केला होता. एरवी टिकलीवर भागवणारी बाई — पण दिसेल तिच्यापुढे कपाळ करत होती, लाव गं कुंकू. शेजारच्या कोकिळाकाकू हसल्या होत्या, वधूमायच नवरी झाली म्हणून. फोटोत कपाळ लालभडक, नाकावर सांडलेलं. तो फोटो तिनं हट्टानं हॉलमध्ये लावलाय. मी त्या भिंतीकडे बघत नाही.

१२ नोव्हेंबर

भाजीबाजारात गंगी भेटली. मी विचारायच्या आतच म्हणाली, टीव्हीवर पाह्यलं. ‘मी कायले सांगू कोणाले, ताई? मोठ्या बाईनं निघताना सांगतलं होतं, सातपर्यंत उठवू नोको साहेबाले. म्हणून मी सातला गेलती. आधी गेली असती तं...’

म्हणजे बाबा नेमके कधी गेले तेही कोणाला माहीत नाही. ते जाताना खोलीत कोणी नव्हतं. हे लिहिताना वाईट वाटायला हवं. मेथी निवडत बसले.

१३ नोव्हेंबर

आईला म्हटलं, रविवारी केळापूरला जाऊ, जगदंबेची ओटी भरू. रात्री मुक्काम करू. ‘रविवारी मालिका असते,’ म्हणाली. ‘देवी कुठं पळून चालली आहे?’

१४ नोव्हेंबर

टीव्हीचा डबा बिघडला असं सांगून त्याचं कार्ड काढून पर्समध्ये टाकलं. संध्याकाळी कॉलेजातून आले तर आईनं सोय करून ठेवलेली. रविवारी कोकिळाकाकूंच्या घरी भिशीच्या बायका जमणार, लेखकाच्या आईचा मान म्हणून खुर्ची पुढे!

चौदा बायकांच्या देखत कळण्यापेक्षा घरी कळलेलं बरं. कार्ड परत घातलं. आई म्हणाली, ‘झाला का नीट? आपोआपच?’

१५ नोव्हेंबर

काही नाही. कपडे वाळत घातले.

१६ नोव्हेंबर, रविवार

सातला सुरू झालं. आई पलंगावर, मी दाराजवळ.

बर्फ आणला तेव्हा आई हसली. पोरगा घसरून लादीसकट पडला, तेव्हाही हसली. मग मामा आले. चप्पल काढली. खोलीत शिरले. कूलरचा आवाज तेवढा. त्यांचा हात पायांकडे जायला केवढा वेळ लावलाय! मी आईकडे बघत होते. तिनं पदराचं टोक मुठीत धरलं होतं. टीव्हीतला मामा म्हणाला, ‘कूलर कमी करा.’ शब्दन् शब्द तोच.

आई हसली नाही.

जाहिराती लागल्या. ती उठली नाही, पाणी मागितलं नाही. शेवटी टीव्हीतल्या बाईला सगळं कळतं आणि ती पोरीच्या थोबाडीत मारते. पडदा काळा. खाली अभिषेकचं नाव.

मी वाट बघत उभी होते. गालसुद्धा तयार होता.

आई म्हणाली, ‘शेवट चुकला त्याचा.’ चष्मा डबीत ठेवला आणि देवापाशी दिवा लावायला गेली.

१७ नोव्हेंबर, सोमवार

सकाळी चहाला आई आपणच बोलली. ‘अभिषेकला कळव, त्या बाईला आधीच माहीत असतं. पाचला कार्यालयात निघताना मी ह्यांचा हात धरला होता. गार होता. तुम्हाला कळलं असतं तर तुम्ही लग्न थांबवलं असतं. म्हणून शाल गळ्यापर्यंत ओढली आणि गंगीला सांगितलं, उठवू नको.’

मी पहिल्यांदा त्या भिंतीवरच्या फोटोकडे नीट बघितलं.

‘कुंकवाचा शेवटचा दिवस होता, अनू,’ ती म्हणाली. ‘मन भरून लावून घेतलं.’

बाबांसाठी आज रडले. आईनं चहा दोनदा गरम केला.