दादाच्या गाण्यातली बाई

मेम्फिस, मंगळवार

प्रिय लुरीन,

तुझ्या बापाचं गाणं तिकडे डेट्रॉइटलाही वाजत असेलच. उतारवयात दादाने बाजी मारली. इतकी वर्षं ज्याला कुणी विचारत नव्हतं, त्याची तबकडी आता न्हाव्याकडे, डुकराच्या बरगड्या भाजून विकणाऱ्याकडे, जिकडे तिकडे. माझ्या सलूनमध्ये तर विचारू नकोस. हातात केस सरळ करायचा तापलेला कंगवा असतो, रेडिओवर तुझा बाप एझेल ग्रँडबेरी सुरू झाला की बायका डोकी डोलवतात, आणि कान भाजला की मलाच बोलतात.

परवा विल्हेल्मिना म्हणाली, "मिनर्व्हा, तुझ्या भावाच्या मागे गाणारी ती बाई कोण गं? म्हातारपणी चांगलीच गाठली की त्याने!" सगळ्या खिदळल्या. मला हसू आलं नाही. रेकॉर्डिंगला मी स्वतः हजर होते, आणि दादाच्या मागे कुणीच गात नव्हतं.

त्याने प्रत्येक ओळीनंतर जागा सोडली होती, आपल्या चर्चमध्ये सोडतात तशी. तिथे चर्चचा सेवक, डीकन, ओळ सांगतो आणि पुढच्या बाकावरच्या बायका ती उचलून गातात. स्टुडिओवाले म्हणाले, गाणाऱ्या पोरी आणू, भरून काढू. दादा म्हणाला, "ती माझ्या ओडेसाची जागा आहे. हात लावायचा नाही." ओडेसाच्या, तुझ्या आईच्या मातीला तो आला नाही, दौऱ्यावर गात राहिला, हे तू विसरली नाहीस आणि मीही नाही. त्यापायी तू घर सोडलंस, गाणंही सोडलंस. पण त्या दिवशी दर ओळीनंतर तो मान खाली घालून थांबायचा, तेव्हा मला त्याची कीव आली.

तबकडी बाहेर आली आणि त्या रिकाम्या जागांत आवाज होता. बाईचा, भिंतीपलीकडून यावा तसा. दादाला वाटतं, ओडेसाने त्याला माफ केलं. रोज जेवताना तो तबकडी लावतो, समोर तिचं ताट मांडतो, मक्याचा पावसुद्धा वाढतो. इतक्या सुखात मी त्याला कधी पाहिला नव्हता, म्हणून खरं काय ते त्याला सांगितलं नाही.

ती ओडेसा नाही. ओडेसा ओळ संपायच्या आतच उचलायची. ही उशीर करते. आधी नाकाने श्वास ओढते, मग गाते. याच सवयीपायी चर्चच्या त्या बाकावर मी कुणाला कोपर मारायची, ते तुला सांगायला नको.

पण पोरी, तू तर जिवंत आहेस. आमची आजी खाटेला खिळलेली असताना तिचा आवाज परसात, कपडे उकळायच्या हंड्यापाशी गुणगुणताना मी आणि दादाने ऐकला होता. संध्याकाळी ती गेली. तेव्हापासून माणूस एकीकडे आणि आवाज दुसरीकडे, याची मला फार भीती वाटते.

तुझा फोन नुसता वाजत राहतो. आज सकाळी रेडिओवर शेवटच्या ओळीनंतर श्वास ऐकू आला, पुढे काहीच नाही. धावत जाऊन दादाकडची तबकडी लावली. तिच्यातही तसंच. बापावरचा राग तुझ्यापाशी राहू दे, तो तुझा हक्क आहे. हे पत्र मिळताच मला फोन कर. बोलायचं नसेल तर बोलू नकोस. नुसता श्वास घे, मी ओळखेन.

तुझीच, फोनपाशी बसलेली,
मिनर्व्हाआत्या