गोलखांबांमागच्या तळ्याची निरवानिरव

मी, शिगेनो कुवाबाता, वय अठ्ठ्याहत्तर, व्यवसाय कमळकंदाची शेती, राहणार कुराशिकी, सेतोमोरी केबल कंपनीच्या रग्बी मैदानाला लागून, हे मृत्युपत्र नोटरीसाहेबांसमोर स्वखुशीने करीत आहे. माझं डोकं ठिकाणावर आहे, तसा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. यकृत ठिकाणावर नाही. ते वसंतापर्यंत टिकेल असं डॉक्टरही म्हणत नाहीत, म्हणून ही घाई. आम्हाला मूलबाळ नाही.

कलम एक. राहतं घर आणि पोस्टातली शिल्लक माझे पती एइझो यांना मिळावी. ते कंपनीच्या संघात पुढच्या फळीत खेळले, म्हणजे स्क्रममध्ये दोन्ही बाजूंची डोकी जिथे एकमेकांवर आदळतात तिथे. सकाळी पाठवणी विभागात केबलची रिळं मोजायची आणि दुपारी मैदानात मार खायचा. पगार एकच. आता त्यांच्या आठवणीतून बरंच काही पुसलं गेलं आहे. कंपनी तेवढी शिल्लक आहे. कंपनीच्या आठवणीतून मात्र ते केव्हाच गेले.

कलम दोन. कंद काढायचं फावडं, पाण्याचा पंप आणि माझे रबरी बूट संघातल्या तेविताला द्यावेत. टोंगाहून आलेला हा पोरगा सुट्टीच्या दिवशी माझ्या चिखलात उतरतो, आणि उतरण्याआधी विचारतो. एवढ्या वर्षांत विचारून उतरलेला तो पहिलाच. बुटांत त्याचा जेमतेम अंगठा जाईल. तरीही द्यावेत.

कलम तीन. हेच खरं कलम आहे, नोटरीसाहेबांनी नीट लिहावं. मैदानाच्या उत्तरेकडच्या गोलखांबांमागचं, कमळकंदाचं तळं वडिलांकडून माझ्याकडे आलं. क्लबला तिथे छप्पर घातलेलं सरावगृह बांधायचं आहे. संघ आता व्यावसायिक झाला, त्याचं नाव ‘वादळी बगळे’ ठेवलं. आमच्याकडचा बगळा वादळात घराबाहेर पडत नाही, पण ते असो. नावाबरोबर फाटकावर पहारेकरी आला आणि गळ्यात पास आले.

एइझो रोज सकाळी पिशवीत बूट घालून सरावाला निघतात. जुने प्रशिक्षक त्यांना कडेच्या बाकावर बसू देत. तिथून ते पोरांवर ओरडत, “खाली! अजून खाली!” आणि संध्याकाळी समाधानाने घरी येत. क्लबचे नवे व्यवस्थापक ओकिता यांनी ते बंद केलं. पहिल्या दिवशी एइझो अंधार पडेपर्यंत फाटकाबाहेर उभे होते. त्यांना वाटलं, संघातून काढलं. मी तडक ओकितांकडे गेले.

“आजी, बाहेरच्या माणसाला आत सोडता येत नाही हो.”

“बाहेरचा? अरे, त्यांचे पुढचे दोन दात तुझ्या मैदानात पडलेत.”

“विम्याचा प्रश्न आहे.”

“मग दातांचा विमा कुठाय?”

ते हसले, कमरेत वाकले, आणि पुढच्याच आठवड्यात भारीतलं खरबूज घेऊन तळं विकता का विचारायला आले. खरबूज गोड निघालं. आम्ही दोघांनी खाल्लं. तळं विकलं नाही.

आता ते तळं मी क्लबला फुकट देत आहे. अट एकच: एइझो जिवंत असेपर्यंत त्यांना मुख्य फाटकातून, पासाशिवाय, बाकावर बसू द्यावं, आणि सराव संपल्यावर कुणीतरी “आज छान ढकललंत” म्हणून घरी पोचवावं. यात एक दिवस जरी खाडा झाला, तर तळं क्लबच्या जुन्या प्रतिस्पर्ध्याला, असागिरी सिमेंटच्या संघाला जाईल. त्यांनी तिथे काही बांधू नये. फक्त आपल्या नावाचा मोठा फलक लावावा, खांबांच्या बरोबर मधोमध, टीव्हीवर दिसेल असा.

“आजी, यात राग दिसतोय,” नोटरीसाहेब म्हणाले.

“दिसू दे. कंपनीला लाज नसली तरी फलक वाचता येतो.”

अटीवर लक्ष ठेवण्याचं काम दंतवैद्य त्सुजिनाका यांनी पत्करलं आहे.

शेवटचं सांगणं कायद्यात बसत नाही म्हणे, म्हणून त्याला आकडा नाही. गेल्या उन्हाळ्यापासून एइझो मला खेळाडूंच्या वसतिगृहातली स्वयंपाकीण समजतात. मीही वाढते आणि गप्प बसते. परवा ते टोपी काढून स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले.

“काकू, कुणाला सांगू नका हं. मला त्या तळ्यावरच्या मुलीशी लग्न करायचंय.”

“कुठली मुलगी?”

“ती नाही का, आमचा बॉल चिखलात गेला की शिव्या देते ती.”

“मग विचार की तिला.”

“धीर होत नाही हो. नाही म्हणाली तर शनिवारी खेळू कसा?”

खरं म्हणजे त्यांनी मला कधीच विचारलं नाही. त्यांचे विभागप्रमुख माझ्या वडिलांकडे आले, त्यांनी एइझोंच्या छातीचं आणि हजेरीचं कौतुक केलं, आणि हंगाम व उन्हाळी शिबिर यांच्या मधली तारीख धरली. एखादं रीळ पाठवावं तसं मला पाठवलं, हा सल मी जन्मभर मनात ठेवला. एइझोंना विचारायची नुसती भीती वाटत होती, हे मला परवा कळलं. मी चुलीकडे तोंड करून रडले.

मी गेल्यावर ते दुसऱ्या कुणापाशी मन मोकळं करतील. बाकावर शेजारी जो असेल त्याने, अगदी ओकिता असले तरी, त्यांना एवढंच सांगावं: तिला विचारलं. ती हो म्हणाली.

मृत्युपत्र करणार: शिगेनो कुवाबाता (सही व शिक्का)
साक्षीदार: हिसाओ त्सुजिनाका, दंतवैद्य (सही)
साक्षीदार: कानाए मोरिवाकी, टोफूवाल्या (सही)
स्थळ: कुराशिकी. रेइवा सहावं वर्ष (इ.स. २०२४), अकरा नोव्हेंबर.